आईचं पहिलं मत

आप्पांवर गौरवग्रंथ काढायचा म्हणून काही मंडळी मध्यंतरी माझ्या बेळगावच्या घरी येऊन गेली. आप्पा म्हणजे माझे वडील. इतकी वर्षं ते विधानसभेत होते, राज्यं बदलली, सीमा इकडच्या तिकडं झाल्या, तरी निपाणीकडची माणसं त्यांनाच निवडून देत राहिली, याचं या मंडळींना मोठं अप्रूप. त्यांच्या वहीत सगळं टिपलेलं होतं. कोणता पूल, कुठली शाळा, तंबाखूच्या करावर कोणत्या अधिवेशनात किती वेळ बोलले, कुणाला निरुत्तर केलं. आणि अगदी वरती एक ओळ होती : ‘पहिल्या निवडणुकीत थोडक्या मतांनी पराभव.’ मी म्हटलं, या ओळीवर लिहा काहीतरी. त्यातले प्रमुख गृहस्थ समजूतदारपणे हसले. म्हणाले, "बाई, गौरवग्रंथात पराभवावर काय लिहायचं?" चहा पिऊन ते गेले. तेव्हा ठरवलं, आपणच लिहावं. माझं आता वय झालं आहे, कुणाची भीड बाळगायचं कारण उरलेलं नाही, आणि त्या पराभवात थोडा माझाही हात होता.

निपाणीचं आमचं घर बाजाराच्या मागच्या गल्लीत होतं. समोर तंबाखूची वखार. हंगामात सकाळी दार उघडलं की पहिला मान शिंकेचा. बाहेरगावचे पाहुणे दोन दिवस नाक पुसत बसायचे आणि आम्हा घरच्यांना मात्र तो वास आहे हेच कळायचं नाही. पुढं शिकायला बेळगावला गेले तेव्हा पहिली आठवण कसली आली असेल तर त्या उग्र, कडवट वासाची. वखारीतल्या बायका पहाटेच कामाला लागायच्या. चाळणीचा सरसर आवाज, मध्येच एखादीचं मोठ्यानं हसणं, मुकादमाचं ओरडणं, आणि रस्त्यानं पेठेकडं निघालेल्या गाड्यांच्या बैलांचे घुंगरू, एवढ्या गलक्यात मी अभ्यास केला. आजही अगदी शांत घरात मला वाचायला सुचत नाही, मी रेडिओ लावून ठेवते. माझी नात याला वेड म्हणते.

आप्पा वकील होते. पुढच्या खोलीत त्यांची बैठक. गादी, तक्क्या, कागदांची दप्तरं आणि एका कोपऱ्यात त्यांचे कारकून तात्या. तात्या म्हणजे बारीक अंगाचा, कानावर टाक अडकवलेला आणि कोणत्याही प्रश्नाला "आपण बघू की" एवढंच उत्तर देणारा माणूस. सकाळी सात वाजल्यापासून खेड्यापाड्यांतून शेतकरी यायचे. त्यांची कामं पुढच्या खोलीत आणि त्यांचं खाणं मागच्या खोलीत, म्हणजे आईकडं. आई चुलीपुढं बसली की भाकरीची चवड अशी वर चढत जायची. सोबत अंबाड्याची भाजी नाहीतर झुणका, शेंगांची चटणी आणि ताक. आलेल्या माणसाला जेवलास का असं ती कधी विचारायची नाही, सरळ ताट वाढायची. "इचारलं की ‘जेवून आलोय’ म्हनतंय मानूस. कशाला लबाड बोलायला लावायचं त्यास्नी?" असं तिचं म्हणणं. माझी आई फार बोलणारी नव्हती. पण जे बोलायची त्यात फिरवाफिरव नसे, आणि त्यामुळं तिच्याशी बोलायला मला लहानपणी जरा भीतीच वाटायची.

आईचं माहेर वेदगंगेकाठच्या एका खेड्यातलं, देसायांचं. तिला एकच धाकटा भाऊ, मल्हारी. आम्ही त्याला मल्हारमामा म्हणायचो. उंच, गोरा, कोल्हापुरी फेटा बांधणारा, घोड्यावरून येणारा मामा. आई त्याच्यापेक्षा आठ वर्षांनी मोठी. त्यांची आई लवकर गेली, म्हणून याला तिनंच न्हाऊमाखू घातलेलं. तो दारात दिसला की आईचा चेहरा बदलायचा. आमच्यासाठी बदलायचा नाही तेवढा बदलायचा, आणि मला त्याचा थोडा हेवाही वाटायचा.

त्या वर्षी मुंबईच्या कायदेमंडळाची निवडणूक यायची होती. पूर्वीपेक्षा पुष्कळ जास्त लोकांना मत मिळालं होतं, आणि ज्यांच्याकडं अमुक एक जमीनजुमला आहे अशांच्या बायकांनाही मत मिळणार होतं. आप्पांना या गोष्टीचं केवढं कौतुक! त्यांनी गल्लोगल्ली फिरून बायकांची नावं यादीत घालायला लावली. चौकात भाषण केलं, की घर चालवणाऱ्या बाईला राज्य कुणी चालवावं हे सांगता येत नाही काय? टाळ्या पडल्या. आईचा अर्ज त्यांनी स्वतःच्या हातानं लिहिला आणि खाली तिचा अंगठा घेतला. स्वतः उभं राहण्याचं तेव्हा त्यांच्या मनातही नव्हतं. पक्षाचे दुसरे एक वयस्कर गृहस्थ उभे राहणार हे ठरल्यासारखंच होतं. मल्हारमामा मात्र आपला आपण, कुठल्याही पक्षाशिवाय, उभा राहायचा म्हणत होता. व्यापाऱ्यांची माणसं त्याच्या मागं होती.

भाऊबीजेला मामा आला. आईनं पाट मांडला, ओवाळलं. मामानं तबकात खण ठेवला आणि म्हणाला, "आक्का, दरसाली मी घालतो. औंदा तूच मला ओवाळणी घाल." आईला कळेना. "तुझं नाव यादीत हाय म्हनं. तुझं मत मला दे." आमच्याकडं एखादी गोष्ट पक्की करायची तर बेलभंडार उचलतात. बेलाचं पान आणि खंडोबाचा भंडार, म्हणजे ती पिवळीधमक हळद, तळहातावर घ्यायची आणि शब्द उच्चारायचा. मग तो शब्द माणसाला दिलेला राहत नाही, देवाला दिलेला होतो. मामाच्या घरचं कुलदैवत मंगसुळीचा खंडोबा, त्याच्या कनवटीला भंडाराची पुडी कायम असायची. आईनं आप्पांकडं बघितलं. आप्पा झोपाळ्यावर बसून पान लावत होते. ते हसून म्हणाले, "उचल की. भाऊच हाय तुझा. यादीत नाव घातलंय ते कुणाला तरी द्यायलाच न्हवं?" आईनं हातावर भंडार घेतला, त्यावर बेलाचं पान ठेवलं आणि म्हणाली, "मी सोता जाऊन माझं मत मल्हारीला देईन." मामानं वाकून तिच्या पाया पडून तोच भंडार कपाळाला लावला. मग करंज्या खाल्ल्या, हसणं-खिदळणं झालं, आणि तो घोड्यावर बसून गेला.

त्यानंतर दोन आठवडेही झाले नसतील. ते वयस्कर गृहस्थ आजारी पडले आणि त्यांनी अंग काढून घेतलं. बेळगावहून पक्षाची चार माणसं कुंद्याच्या मिठाईचा डबा घेऊन आमच्या पुढच्या खोलीत येऊन बसली. मी चहा नेऊन दिला, तेव्हा ती आप्पांना सांगत होती की या भागात शेतकऱ्यांचा माणूस म्हटला की तुम्हीच, आता नाही म्हणू नका. आप्पा दोनदा नाही म्हणाले आणि तिसऱ्यांदा गप्प बसले. माणसं गेल्यावर ते स्वयंपाकघरात आले. त्यांना पोचवून तसेच घाईनं आले, चप्पल काढायची विसरून. "उभा राहतोय मी," म्हणाले. आई पोह्यांची कढई उतरवत होती. तिनं विचारलं, "मल्हारीच्या म्होरं?" आप्पा म्हणाले, "अगं, नात्याचा आणि याचा काय संबंध? तो व्यापाऱ्यांचा, मी कुळांचा." आईनं कढई खाली ठेवली. "संबंध न्हाय ते खरं. पर मी भंडार उचललाय."

मला वाटतं आप्पांच्या ध्यानात ती गोष्ट त्या क्षणापर्यंत आलीच नव्हती. त्यांनी ते हसण्यावारी न्यायला बघितलं. आई हसली नाही. त्या रात्री आणि पुढं आठ दिवस घरात काय झालं ते थोडक्यात सांगते. आप्पा जेवायला पुढच्या खोलीत ताट मागवू लागले. आईशी बोलायचं असेल तर मला सांगायचे, "इंदे, तुझ्या आईला म्हणावं पानात मीठ कमी हाय." आई भिंतीपलीकडंच चुलीपुढं असायची, तिला सगळं ऐकू जायचं. तात्या एके दिवशी परस्पर मामाच्या गावी जाऊन सांगून आले, की तुम्ही आक्कांना शब्दातून मोकळं करा. मामा म्हणाला, "आक्कानं येऊन मागावं, सोडतो." तात्यांनी हे आईला सांगितलं. आई म्हणाली, "मल्हारी कोन सोडनार? त्येच्या हातात दिलाय व्हय मी शब्द?" देवळातला गुरव म्हणाला, अभिषेक घालू, देव ऐकतो. आईनं त्याला जेवायला वाढलं आणि वाटेला लावलं.

शेवटी आप्पांनी स्वतः विचारलं. मी शेजारच्या खोलीत होते. ते म्हणाले, "मला दे असं म्हणत न्हाय मी. तू त्या दिवशी घरात बस. अंग दुखतंय म्हण. शब्दबी मोडायचा न्हाय आणि माझी शोभाबी व्हायची न्हाय." आई म्हणाली, "आणि देवाला काय सांगू? खोकला आलता म्हनून?" आप्पा उठून बाहेर गेले. मला आईचा असा राग आला की मी दोन दिवस तिच्याकडून वेणीफणी करून घेतली नाही. सोळा वर्षांची होते मी. आप्पा म्हणजे माझ्या लेखी जगातला सगळ्यात मोठा माणूस, आणि त्यांच्या पाठीत वार करणारी कोण, तर माझीच आई. आज मी या गोष्टीकडं वेगळ्या नजरेनं बघते, पण तेव्हाचा तो राग खोटा होता असं म्हणवत नाही.

बाहेर व्हायचं तेच झालं. गोष्ट फुटली. ज्याच्या घरातलंच मत त्याला नाही त्याला आपण का द्यायचं, असं पेठेत उघड बोलू लागले. मामाच्या माणसांना तर आयतंच मिळालं. गावोगावच्या चावडीवर आप्पा बोलायला उभे राहिले की मागून कुणीतरी ओरडायचं, "आधी मालकिनीला पटवा, वकीलसाब!" आणि हशा पिकायचा. आप्पा कोर्टात कुणाला हार न जाणारे, पण या सभांहून घरी यायचे ते मान खाली घालून. मला बघवत नव्हतं.

अशात एका सकाळी मी आडावर पाण्याला गेले होते. तिथल्या एका काकूंनी सगळ्यांदेखत विचारलं, "काय गं इंदे, तुझी आईच तुझ्या बाला मत देत न्हाय म्हनं? काय भानगड हाय?" बाकीच्या बायकांनी घागरी खाली ठेवल्या. माझ्या तोंडून निघून गेलं, "भानगड कसली काकू! आईला लिहिता येत नाही. ज्याला लिहिता येत नाही त्यानं साहेबापुढं उमेदवाराचं नाव तोंडानं सांगायचं, मग साहेब फुली मारतो. आई आप्पांचं नाव कसं घेणार? मामाचं घेता येतं. म्हणून मामाला." यातला नियम खरा होता, तात्यांनी कुणाला तरी सांगताना मी ऐकलेला. आणि नवऱ्याचं नाव न घेण्याची रीतही खरी होती. आई आप्पांना ‘हे’ म्हणायची, फार झालं तर ‘इंदीचे आप्पा’. गल्लीत आप्पांच्याच नावाचा एक मुलगा होता, त्यालासुद्धा ती ‘ह्यांच्या नावाचा’ म्हणून हाक मारी. आडावरच्या सगळ्या बायकांचं तसंच. त्यामुळं माझं म्हणणं कुणाला खोटं वाटलंच नाही. काकू म्हणाल्या, "व्हय की बाई! चार गड्यांत मालकाचं नाव घ्यायचं म्हंजे जीव जाईल." एक म्हातारी म्हणाली, "आनि ते बी साहेबाच्या म्होरं!" आणि घागरी परत डोईवर चढल्या.

संध्याकाळपर्यंत ते गावभर झालं. तात्यांनी मला पुढच्या खोलीत बोलावून घेतलं आणि म्हणाले, "पोरी, तू वकील व्हायला पाहिजे होतीस." दुसऱ्या दिवसापासून आमच्या सभांतून तेच सुरू. आमची आक्का जुन्या वळणाची, लाजरी, नवऱ्याचं नाव ओठावर आणत नाही, म्हणून नाइलाजानं भावाचं घेते, मनातलं मत मात्र वकीलसाहेबांनाच. लोक हसायचे, पण आता ते हसणं आमच्या बाजूचं होतं. वारं फिरलं. चावडीवरचं ओरडणं बंद झालं. आप्पांनी या गोष्टीला हो म्हटलं नाही की नाही म्हटलं नाही, पण ते रात्री परत स्वयंपाकघरात पाटावर येऊन बसले आणि दोन भाकरी जास्त खाल्ल्या. मला स्वतःचा फार अभिमान वाटला. तो चार दिवस टिकला.

आईला ते भाजीवालीकडून कळलं. ती भाकरी थापत होती, मी पाठीमागं तांदूळ निवडत होते. तिनं वळून न बघता विचारलं, "ही गोष्ट कुनी काढली?" मी म्हटलं, मी. मला वाटलं ती बोलेल, रागावेल. तिनं ती भाकरी तव्यावर टाकली, पाणी फिरवलं, उलटली, फुगेपर्यंत थांबली आणि मग म्हणाली, "तुझ्या बाचं नाव लबाडीला वापरलंस इंदे. मी लाजून देत न्हाय. शबूद दिलाय म्हनून देत्ये." मी म्हटलं, "पण त्यानं आप्पांचं भलं होतंय ना?" ती म्हणाली, "व्हय, भलं हुतंय." आणि पुढची भाकरी घेतली. मी तांदूळ तसेच टाकून गच्चीत जाऊन रडले. चूक झाली हे मला कळत होतं आणि तरी ती चूक तशीच चालू राहावी असंही वाटत होतं.

मतदान आमच्याच गल्लीपलीकडच्या शाळेत होतं. आप्पांनी सकाळीच टांगा दारात आणला. तात्या कुजबुजले, अजून वेळ आहे, त्यांना राहू द्या घरी. आप्पा म्हणाले, "मी भर चौकात सांगितलंय बायकांनी मत द्यावं म्हणून. आता माझ्याच बायकोला कोंडून ठेवू?" आईनं हिरवं इरकली लुगडं नेसलं होतं, नाकात नथ. आप्पा टांगेवाल्याच्या शेजारी बसले, आम्ही दोघी मागं. शाळेच्या व्हरांड्यात बायकांची रांग वेगळी होती, ती काही फार मोठी नव्हती. दारातल्या शिपायानं मला आत सोडलं नाही, पण दार उघडंच होतं आणि उंबऱ्यापासून सगळं दिसत होतं. मोठ्या टेबलाशी धारवाडकडचा एक साहेब, टोपी काढून ठेवलेली, घामाघूम. भिंतीकडच्या बाकावर दोन्ही उमेदवारांची माणसं. आप्पा आत जाऊन त्या बाकापाशी उभे राहिले. आणि खिडकीशी पाठीमागं हात बांधून मल्हारमामा उभा होता, तो सकाळपासूनच तिथं होता.

साहेबानं यादीत नाव बघितलं आणि विचारलं, "बाई, लिहायला येतं?" आई म्हणाली, न्हाय. "मग उमेदवाराचं नाव सांगा." बाकावर कुणीतरी खोकललं. तात्या गालात हसत होते. आईनं डोईवरचा पदर नीट केला आणि म्हणाली, "साहेब, आदी एक सांगायचं हाय." साहेब म्हणाला, "फक्त नाव सांगा." आई म्हणाली, "नावच सांगत्ये. गाव म्हनतंय, मला मालकाचं नाव घ्यायला येत न्हाय म्हनून मी भावाला मत देत्ये. ते खोटं हाय. केदारी नरसू चौगुले. आलं न्हवं घ्यायला? ह्ये माझे मालक. मानूस चांगला हाय, मत द्यावं असाच हाय. पर मी भंडार उचललाय. आता लिवा. मल्हारी दौलत देसाई."

साहेब बिचारा गोंधळला. त्यानं टाक शाईत बुडवून तसाच धरला आणि विचारलं, "बाई, तुम्ही दोन नावं घेतलीत. मत एकच. फुली कुणाच्या नावावर?" आई म्हणाली, "सांगितलं की. मल्हारीच्या." साहेबानं फुली मारली, कागदाची घडी करून तिच्या हातात दिली आणि तिनं ती पेटीत टाकली. मी मामाकडं बघितलं, तो खिडकीबाहेर बघत होता. आप्पांचे कान लाल झाले होते. राग आला की त्यांचे कान लाल व्हायचे, म्हणून मी घाबरले. पण आई त्यांच्या जवळून बाहेर येताना ते बाजूला सरले आणि बाकावरच्या माणसांना मोठ्यानं म्हणाले, "वाट द्या." परतताना टांग्यात ते पुन्हा पुढंच बसले. आईनं हात पदराखाली घेतले होते. मी त्यावर माझा हात ठेवला. तिनं झिडकारला नाही.

दुपारपर्यंत ही बातमी सगळ्या मतदान केंद्रांवर पोचली. त्यानं किती मतं फिरली मला ठाऊक नाही, कुणालाच ठाऊक नाही. तात्या शेवटपर्यंत म्हणत राहिले की त्या एका वाक्यानं आपण गेलो. आप्पा थोडक्यात पडले आणि मामा निवडून आला. पुढं आप्पांच्या गौरवाच्या सभांतून काही वक्ते सांगायचे, की त्या घरातला सत्याचा बाणा बघूनच लोकांनी नंतर त्यांना डोक्यावर घेतलं. मला तसं वाटत नाही. नंतर त्यांना निवडून दिलं ते तंबाखूवाल्या शेतकऱ्यांसाठी त्यांनी जी पायपीट केली तिच्यामुळं. त्या वर्षी मात्र ते पडले, घरात सुतकासारखं झालं, आणि माझ्या मनात एवढंच होतं की ती खोटी गोष्ट मी काढलीच नसती तर आईला ती चार माणसांत मोडावी लागली नसती.

निकालाच्या दुसऱ्या दिवशी मामा आला. पायी आला. आप्पांनी त्याला पुढच्या खोलीत न थांबवता सरळ आत नेलं, आणि दोघं शेजारी शेजारी पाटावर बसले. आईनं दोघांना वाढलं. बोलणं पावसापाण्याचं झालं. मामा गेल्यावर आप्पा तसेच पाटावर बसून राहिले, हात वाळले तरी. मी उष्टी काढत होते, माझ्याकडं त्यांचं लक्षच नव्हतं. ते आईला म्हणाले, "इतक्या वर्षांत पहिल्यांदा ऐकलं बघ तुझ्या तोंडनं. आता एकदा घरात घे की." आई केवढी लाजली! चुलीपुढं बसलेली बाई, तिनं पदर पार नाकापर्यंत ओढला. "काय तरीच! पोरगी हाय हितं." आप्पा म्हणाले, "मग कधी?" आई म्हणाली, "परत साहेबानं इचारलं तर घीन." आप्पा त्यावर इतके हसले की तात्या बाहेरून डोकावून गेले. एवढं पडूनही या माणसाला हसू कसं येतं, हे तात्यांना कळलं नाही.

त्यानंतर मी आईला शिकवायला घेतलं. माझ्या मनाला लागलं होतं, आणि दुसरं काय करावं ते सुचत नव्हतं. दुपारी भांडी झाली की पाटी घेऊन बसायचो. तिनं आधी खळखळ केली, मग तिला गोडी लागली. चुलीतल्या कोळशानं ती भिंतीवर अक्षरं काढायची, आणि आप्पा पुढच्या खोलीत अशिलांना अभिमानानं सांगायचे की आमच्या घरात शाळा भरती. एवढ्या बुद्धिमान माणसालाही त्यातली मेख कळली नाही, मग मला कुठून कळणार? वर्षं गेली. लढाई झाली, आप्पा तुरुंगात जाऊन आले, माझं लग्न झालं, आणि पुढची निवडणूक आली. या वेळी मामा उभा नव्हता. आप्पा उभे होते आणि ते येणार हे सगळ्यांना दिसत होतं. मतदानाच्या दिवशी मी मुद्दाम माहेरी आले. आप्पांना त्या दिवशी वीस गावं फिरायची होती. तात्या गाडी जुंपून सकाळपासून ताटकळत होते, पण आप्पा शाळेच्या त्याच दारापाशी उभे होते आणि हलायला तयार नव्हते. तात्यांना वाटलं पोटात दुखतंय.

आई आत गेली. साहेबानं विचारलं, "बाई, लिहायला येतं?" आई म्हणाली, "व्हय, येतंय की." साहेबानं कागद तिच्या हातात दिला, ती कोपऱ्यात गेली, वेळ लावून वाचलं, फुली मारली, घडी घातली आणि पेटीत टाकून बाहेर आली. चेहऱ्यावर परीक्षा पास झाल्याचा आनंद. आप्पा तिच्याकडं बघत राहिले. मग माझ्याकडं वळून म्हणाले, "इंदे, तुला कुणी सांगितलं होतं गं हिला शिकवायला?"

त्या निवडणुकीत आप्पा मोठ्या मतांनी निवडून आले. गुलाल उधळला, मिरवणूक निघाली, हारांनी त्यांची मान दिसेना. मिरवणूक आमच्या दारात थांबली तेव्हा आईनं ओवाळलं, आणि लोक ओरडायला लागले, "आक्का, नाव घ्या! नाव घ्या!" आप्पा हार बाजूला करून तिच्या तोंडाकडं बघत थांबले. आई म्हणाली, "घ्यायचं कशाला आता? लिवलंय की."